क्ष मानू

समोरच्या गॅलरीत बाप मुलीला गणित शिकवत होता. "एका संख्येच्या दुपटीत सात मिळवले की एकोणीस होतात. ती संख्या कोणती?"

"माहीत नाही, पप्पा."

फाडकन थोबाडीत बसली. मग ती अंदाज करत सुटली. पाच? थप्पड. नऊ? थप्पड. तीन? आठ? थप्पड, थप्पड.

माझाही गाल पेटला. असल्याच गणितांपायी आमच्या मास्तरांनी माझ्या बोटांची पेरं फोडली होती. खरं तर या गणिताची पहिली ओळच 'ती संख्या क्ष मानू' अशी असते. आपल्याला माहीत नाही, हे तिथे आधी ताठ मानेने लिहायचं असतं. त्याशिवाय पुढे सरकताच येत नाही. आणि हा रेडा नेमकं त्यासाठीच पोरीला बडवत होता!

"अहो, तिला क्ष मानू द्या की!" मी ओरडलो.

"तुम्ही मध्ये पडू नका," म्हणत त्याने आणखी एक लगावली.

"सहा," मुलगी म्हणाली.

"शाब्बास! बघितलंत? मार बसला की बरोबर येतं."

उत्तर बरोबरच होतं. पण थप्पडा मीही मोजत होतो. त्याही सहाच होत्या.