कानबाईला लावली बासरी

तोंड माझं हलतंय आणि आवाज बासरीचा निघतोय, हे सुरतेतल्या कोणत्या शहाण्याला सुचलं ते आधी सांगते. राम राम मग.

लेकाचा निरोप आला होता. "माय, इथं सुरतेत आमच्या डिंडोलीत आपल्या खान्देशातल्या बायका जमतात, पण कानबाईची गाणी एकीलाही पुरी येत नाहीत. तू ये." निघाले. नंदुरबारहून जाणार असाल तर सकाळची पॅसेंजर धरा, नंतरच्या गाडीत पाय ठेवायला जागा नसते. उतरायचं उधन्याला. रिक्षात एकट्या बसू नका. चारजणी मिळून बसा, भाडं वाटून जातं. भाकरी-ठेचा घरून न्या. तिथला लोचो मी चाखला. बिघडलेल्या ढोकळ्याला नाव ठेवून विकतात झालं.

लेकाच्या दोन खोल्या, त्यातली एक टीव्हीची. नात पिंकी शाळेत जाते. मी अहिराणीत विचारलं की गुजरातीत उत्तर, तेही टीव्हीकडं बघून.

रविवारी कानबाई, आमची खान्देशातली देवी, बसली. चौरंगावर नारळ, नारळाला नथ, डोळे. मी ओळ म्हणायची, मागून बायकांनी झेलायची. तेवढ्यात केबलवाला खांद्यावर कॅमेरा घेऊन दारात. उद्या सगळ्या डिंडोलीला दाखवतो म्हणे. मी पदर नीट केला. म्हटलं, टीव्हीत आलं तर पिंकी तरी ऐकेल.

सोमवारी कानबाईला बोळवून आलो आणि टीव्ही लावला. मी दिसले. ऐकू आली बासरी. नारळाच्या डोक्यावर टीव्हीतच मोरपीस चिकटवलेलं.

तशीच केबलवाल्याच्या दुकानात गेले.

"कानबाई एटले कानुडानी बाई ने, बा?" तो म्हणाला. गुजरातीत कानुडो म्हणजे कृष्ण. नाव ऐकलं आणि यानं लग्न लावून टाकलं.

"आमच्या देवीची सोयरीक तू जमवणार होय रे?"

"बा, उडियावाळा जुए, युपीवाळा जुए. तमारुं गायन एमने ना समजाय. बासरी बधाने समजाय." म्हणजे उडियावाले, युपीवाले सगळेच बघतात, माझं गाणं त्यांना कळत नाही, बासरी कळते.

"आणि माझा आवाज?"

"ए तो भूंसाई गयो."

पुसला. साऱ्या मुलखाला समजावं म्हणून जिचं गाणं तिलाच मुकी केली, वर चहा विचारतो.

घरी आले तर पिंकी म्हणते, "आजी, कानबाई कृष्णाची ने?"

"कुणी सांगितलं?"

"टीव्हीमां आव्युं."

"नाही गं, ती आपली कानबाई."

"पण टीव्हीमां तो..."

लेक हसला. "माय, पोरगी शे, जाऊ दे."

जाऊ दे म्हणे. निघायच्या दिवशी मी टीव्हीची पिन उपटली, पिंकीला चुलीशी, म्हणजे त्या गॅसशी, बसवलं आणि भाकरी थापता थापता एक ओळ घोटून घेतली. तोंड वाकडं करत म्हणाली, पण म्हणाली.

आता घरी आलेय. सुरतेची साडी आणली ती पहिल्या धुण्यात विटली. पिंकीची ती ओळ मात्र कानात आहे, अर्धी गुजराती चालीची का होईना.

पुढच्या वर्षी कॅमेरा आला तर तो बाहेर चपलांपाशी बसेल. पहिली ओळ मी म्हणणार. बाकीच्या बायकांनी गप्प राहायचं. झेलायची पिंकीनं, माझ्या तोंडाकडं बघून.