जोत्याचा फोटो

गवंड्याला नव्या घराच्या पायात मोहरांचा हंडा सापडला, अशी कुजबुज आमच्या गल्लीत उठली होती. नाहीतर कोण शहाणा स्वतःच्या घराच्या उभ्या भिंती भरदुपारी घण घालून पाडील? हंडा तांब्याचा की पितळेचा, यावरही वाद झाले. मीही त्यात चवीने भाग घेतला, खोटं कशाला बोलू!

हा गवंडी कोपऱ्यावरच्या खोलीतला भाडेकरू. तीस वर्षं लोकांची घरं बांधली आणि स्वतः राहिला तो अकरा बिऱ्हाडांत एक संडास असलेल्या जागेत. बायकोचे गुडघे गेलेले. तशीच रांगेत उभी राहायची, आणि आत गेली की आधीच्याची घाण धुवायची. एकदा म्हणाली, "अहो, मरायच्या आधी स्वतःच्या संडासाची कडी आतून लावू द्या मला."

सासऱ्याने दिलेला जमिनीचा तुकडा होता. गवंडी सरकारी हमीच्या घरकर्जाच्या खिडकीपाशी जाऊन उभा राहिला.

ती खिडकी म्हणजे संडासाची थोरली बहीण! भिंतीवर थुंकीचे ओघळ, टेबलावर उष्टा कप, कपात मेलेली माशी. कारकून बोट जिभेला लावून कागद उलटायचा आणि तेच ओलं बोट गवंड्याच्या फोटोवर टेकवायचा. उत्पन्नाचा दाखला तीनदा मागितला.

"मिस्त्री, हा जुना झाला."

"साहेब, तुमच्याच टेबलावर जुना झाला की!"

सात महिन्यांनी कर्ज मंजूर झालं, पण पैसे टप्प्याटप्प्याने. भिंतींखालचं जोतं झालं की तपासनीस येऊन फोटो काढणार, मग पहिला हप्ता. भिंतींचा फोटो निघाला की दुसरा.

जोतं आठवड्यात झालं. तपासनीस महिनाभर फिरकला नाही. आता समोर विटा रचलेल्या असताना गवंडी माणूस गप्प बसेल? त्याच्या हाताला खाज सुटली. सिमेंटचा मसाला कालवला आणि पठ्ठ्याने भिंती छातीपर्यंत चढवल्या. वाटलं, काम पुढे गेलेलं बघून साहेब खूश होतील.

साहेब आले ते दात कोरत.

"हे काय? मला नुसतं जोतं पाहिजे."

"जोतं हे काय, खाली दिसतंय की!"

"वर काही नको. नियमात तसंच आहे."

"मग भिंतींचाच फोटो घ्या."

"पहिला नसताना दुसरा कसा घेऊ? शनिवारी येतो. नाहीतर फाइल बंद." दातातलं काढलेलं त्यांनी ताज्या भिंतीला पुसलं आणि गेले.

बायको भिंतीला टेकून बसली होती. "पाडू नका हो. राहू दे ते कर्ज."

"आणि छप्पर कशाचं घालू? तुझ्या पदराचं?"

तिने हात पुढे केला. "उठवा मग मला. माझ्या अंगावर पाडाल."

पायात हंडा नव्हता. तपासनिसाला नुसत्या जोत्याचा फोटो हवा होता, म्हणून गवंड्याने भिंती पाडल्या. शनिवारी फोटो निघाला. पहिला हप्ता मिळाला.