दोन फरश्यांची जागा

आमचे हे गच्चीचं पाणी अडवतात. म्हणजे फरशी बसवण्याआधी, गळू नये म्हणून खाली काळा थर देतात ना, तो. वरून फरशी बसली की यांचं काम जन्मात कुणाच्या दृष्टीस पडत नाही. लग्न झालं तेव्हा मी यांना चिडवायचे, काय मेलं हे काम, करून न केल्यासारखं. हे हसायचे.

नव्या दवाखान्याची गच्ची यांना मिळाली ती मोठ्या कंत्राटदाराकडून. मी त्याला साखऱ्या म्हणते, तोंडात कायम साखर. "काका, तुम्ही तर घरचेच," असं म्हणत त्यानं सामानाचा खर्चही यांच्याच गळ्यात घातला. आमच्याकडे कुठले पैसे? माझ्या धाकट्या भावानं स्वतःचं गॅरेज काढायला साठवले होते, ते मीच मागून आणले. थर देऊन झाला आणि बिलासाठी त्याचं माप घ्यायच्या आधीच साखऱ्यानं वर फरशी बसवून घेतली. "माप काय पळून जातंय का काका?" हे मान डोलावून घरी आले. पुढं बिल दिलं, तर हा बाबा म्हणतो, थर दिलाच कुठे? दाखवा.

आमच्या वकीलबाई कामाला चोख. आधी नोटीस पाठवली, मग दावा लावला. मग नुसत्या तारखा. साखऱ्याचा वकील कधी आजारी, कधी कुणाच्या लग्नाला. शेवटी न्यायाधीशांनी एक इंजिनिअर नेमला: गच्चीवरच्या दोन फरश्या काढा, खाली थर आहे का बघा आणि कळवा. मला वाटलं, सुटलो एकदाचे. लगेच भावाला फोन करून सांगितलं, जागा बघायला लाग.

फरश्या यांनीच काढल्या, दुसऱ्या कुणाला छिन्नी लावू देईनात. त्या दिवशी साखऱ्याकडचं कुणी फिरकलंच नाही. इंजिनिअर म्हणाला, दोन्ही बाजू हजर असल्याशिवाय मी काही लिहिणार नाही, सोमवारी येतो, तोवर जागा आहे तशी राहू द्या, हात लावू नका.

शनिवारी आभाळ भरून आलं. हे जेवता जेवता थांबले.

"छिन्नीनं थराला चीर गेलीय," म्हणाले. "बरोबर खाली पेशंटच्या खाटा आहेत."

"मग ताडपत्री टाका."

"टाकून आलो. वाऱ्यानं राहत नाही."

"मग गळू दे. दवाखाना काय तुमच्या बापाचा आहे?"

माझी जीभ ही अशी. यांनी हात धुतले, सामानाचा डबा उचलला आणि गेले.

सोमवारी सगळे हजर. साखऱ्याच्या वकिलानं वाकून थराला बोट लावलं. बोट काळं झालं. "थर आहे की," तो म्हणाला, "अगदी ताजा."

इंजिनिअरनं विचारलं, हा तुम्ही दिलात? हे म्हणाले, "हो. चीर बुजवायला सगळ्या जागेवर नवा हात फिरवला." यांना खोटं बोलायचं तर सोडाच, गप्प बसायचंही सुचत नाही. वकीलबाईंनी दुसरी जागा उघडायला अर्ज केला. दवाखाना म्हणाला, खाली पेशंट आहेत, पुन्हा फोडाफोडी चालणार नाही. कोर्ट म्हणालं, संधी दिली होती, तुम्हीच पुराव्याला हात लावलात. दावा फेटाळला. वर अपील करता येतं म्हणे. येतं की, पण त्यालाही पैसे लागतात.

भाऊ घरी आला. आरडाओरडा केला असता तर बरं वाटलं असतं. नुसतं विचारलं, "ताई, दोन दिवस उघडं राहिलं असतं तर काय झालं असतं?"

मी यांच्याकडे बघितलं.

"गळलं असतं," हे म्हणाले.

भावानं मान हलवली, चपला घातल्या आणि गेला. अजून तो दुसऱ्याच्याच गॅरेजात गाड्यांखाली झोपून राबतो, आमच्याकडे येत नाही. मला यांचा राग येतो आणि त्या रागाची लाजही वाटते, दोन्ही एकदमच.

परवा दवाखान्यातली एक आया बाजारात भेटली. सहज म्हणाली, एवढा पाऊस झाला, पण आमच्या गच्चीतून एक थेंब आला नाही. घरी येऊन मी ते यांना सांगितलं नाही.