दिनू आणि उपाशी डिव्हिजन

दिनू गेला हे मला कळलं ते एका जपानी माणसाच्या मराठीतून. "दिनू-सान गेले. तुम्ही या," एवढंच हिराता फोनवर बोलला. मी निगडीहून दवाखान्यात पोचलो, तेव्हा हा माणूस कंपनीच्या गणवेशातच सुनंदावहिनींशेजारी बाकावर ताठ बसून होता. आता महिना होऊन गेला. सकाळी फिरायला निघालो की पाय अजून दिनूच्या गल्लीकडे वळतात आणि मला माझाच राग येतो.

चाकणच्या जपानी कंपनीत मी स्टोअर सांभाळायचो आणि दिनू दुभाषा होता. भलताच काटेकोर! दुभाष्यानं पदरचं मीठ घालायचं नाही, हा त्याचा नियम. एकदा आमचा सुपरवायझर मीटिंगमध्ये वैतागून म्हणाला, "राव, या साहेबाच्या डोक्यात काय भुसा भरलाय का?" दिनूनं भुशासकट भाषांतर केलं. सुपरवायझर पांढराफटक पडला. तो साहेब म्हणजे हिराता. त्यानं गंभीरपणे विचारलं, भुसा गव्हाचा की भाताचा? आणि मग पोट धरून हसत सुटला. त्या दिवसापासून दोघांचं मेतकूट जमलं.

दिनूला नाद एकच... महायुद्धात ब्रह्मदेशातून डोंगर ओलांडून कोहिमावर चालून आलेली एकतिसावी जपानी डिव्हिजन. त्याचे वडील तेव्हा इंग्रजांच्या फौजेत, म्हणजे समोरच्या बाजूला. म्हातारपणी ते लढाईचं फारसं सांगायचेच नाहीत. सांगायचे ते शत्रू माघारी फिरला त्या वाटेवर पडलेल्या प्रेतांबद्दल, हातातल्या रिकाम्या डब्यांबद्दल. "बंदुका हुत्या रं त्यांच्याकडं. दाणा नव्हता." हे ऐकून हा पठ्ठ्या जपानी शिकला! मी चिडवायचो, "लोक पगारासाठी शिकतात, तू भुतांशी गप्पा मारायला शिकलास." तो नुसता हसायचा आणि पुढं चालू. थोड्या दिवसांच्या शिध्यावर निघालेली माणसं, सोबत हाकत आणलेली गुरं वाटेत गेलेली, मागून रसद आलीच नाही, शेवटी सेनापतीनंच वरचा हुकूम मोडून फौज मागं फिरवली... हे सगळं तो मला कंपनीच्या बसमध्ये ऐकवायचा. माझ्या झोपेचं खोबरं व्हायचं. आज ती बडबड पुन्हा ऐकायला मिळाली तर मी खिडकीची जागासुद्धा सोडीन.

हिराताचे आजोबा त्याच डिव्हिजनमधले. कोहिमाहून परतलेच नाहीत. तेव्हा हिराताची आई तान्ही होती, आणि घरी आली ती अस्थींची रिकामी पेटी, आत हाडाचा तुकडाही नाही. ही आई आता ऐंशीच्या पुढची. एका रविवारी हिरातानं दिनूच्या घरून तिला व्हिडिओ कॉल लावला. मीही तिथं पोहे खात बसलो होतो. म्हातारी काहीतरी बोलली आणि दिनूचा चेहरा उतरला. तिनं काय विचारलं आणि तो काय बोलला ते त्यानं मला नंतर सांगितलं. तुम्हाला त्या डिव्हिजनचं सगळं माहीत आहे म्हणे, तर मग सांगा... माझे वडील उपाशी गेले का?

दिनूनं फोन जवळ ओढून घेतला. मग म्हणाला, माझ्या वडिलांनी त्या डोंगरात एका जपानी शिपायाला पकडलं होतं. त्याला उभंही राहवत नव्हतं. त्यांनी आपली अर्धी चपाती आणि चहा त्याला दिला. नाव विचारलं नाही. हे खरंच घडलेलं. म्हातारीनं विचारलं, ते माझे वडील असतील का? तिच्या वडिलांची पलटण दुसऱ्याच वाटेनं माघारी गेलेली, हे दिनूला पक्कं ठाऊक होतं. "असतील," तो म्हणाला. मला दारापर्यंत सोडायला आला तेव्हा डोळे पुसत होता. "मोडला रे नियम," म्हणाला. मी त्याला कधी नव्हे ती मिठी मारली.

बाराव्याला हिराता आला. त्याच्या आईला दिनूच्या घरच्यांशी बोलायचं होतं. व्हिडिओ कॉलवर तिनं वहिनींना हात जोडून नमस्कार केला आणि एक प्रश्न विचारला. हिरातानं मान खाली घातली. तो मराठीत आणेना. वहिनींनीच म्हटलं, "सांगा हो, काय म्हणतात त्या?"

"विचारते... जाताना ते जेवले होते का?"

शेवटचा आठवडाभर दिनूच्या तोंडात पाण्याचा थेंब गेला नव्हता. नाकातून नळी होती. हे आम्हा तिघांनाही माहीत होतं, हिराता तर रोज दवाखान्यात येत होता. वहिनींनी पदर सावरला. "सांगा, जेवले म्हणावं. वरणभात. मी माझ्या हातानं भरवला."

हिराता आईशी बोलू लागला. बोलणं लांबलं, वहिनींनी सांगितलं त्याच्या दुप्पट तरी. म्हातारीचा चेहरा निवत गेला. फोन ठेवल्यावर मी विचारलं, "एवढं काय सांगत होतास?"

"तूप पण सांगितलं," तो म्हणाला. "आणि लिंबाचं लोणचं. आणि थोडा भात परत मागितला, असं सांगितलं."

तेव्हा कुठं वहिनींना रडू फुटलं.