पांढऱ्या झग्याची अमेरिकन ऑर्डर

कॉलेज सुटल्यावर परस्पर आमच्या कारखान्यात गेले, दारात पाय टाकला आणि अशी किंचाळले की बायकांची मशीनं थांबली. कटिंगच्या टेबलाजवळ स्टुलावर एक माणूस उभा होता. गळ्यापासून घोट्यापर्यंत पांढराशुभ्र झगा. डोक्यावर हातभर उंच टोकदार टोपी, ती तोंडावरून पार छातीपर्यंत उतरलेली, आणि डोळ्यांच्या जागी दोन भोकं. बाह्यांतून मात्र ओळखीचे, काळेकुळकुळीत हात बाहेर आलेले.

"काय झालं गं? पाल दिसली का?" टोपीच्या आतून आमच्या ह्यांचा आवाज आला.

आम्ही गणवेशवाले. शाळेचे शर्ट, मुलींचे पिनो फ्रॉक, चड्ड्या, बँडवाल्यांचे लाल कोट. जून उलटला की शाळांची गर्दी ओसरते, मशीनं थंड पडतात आणि शिलाईच्या बायका पुढच्या हंगामापर्यंत घरी बसतात. ह्यांना त्यामुळे आयुष्यभर एकच ध्यास, एक्स्पोर्टचा. सोलापूरचे टॉवेल परदेशात जातात, चादरी जातात, "मग आपल्या चड्डीनंच काय पाप केलंय?" असं हे जेवताना, आंघोळीला जाताना, पाहुण्यांसमोर, कुठंही म्हणायचे. आणि आता मुंबईच्या एका एजंटकडून अमेरिकेची ऑर्डर चालून आली होती. सँपल पास व्हायच्या आधीच ह्यांनी गल्लीभर पेढे वाटले होते. म्हशीच्या आधीच दाव्याची खरेदी, दुसरं काय!

"हे काय शिवताय, माहीत आहे का?" मी विचारलं.

"आपल्याला चित्र आलं, माप आलं. बास की!"

कशासाठी आहे ते एजंटनं सांगितलं नव्हतं, म्हणून कारखान्यात ज्याचे त्याचे अंदाज चालू होते. कटिंग मास्तरांच्या मते हे मधमाश्यांची पोळी काढणाऱ्यांचं. आमच्याकडच्या सगळ्यात जुन्या शिलाईवाल्या तेलुगू बाई, त्यांना खात्री होती की अमेरिकेत पुन्हा करोना आलाय. आम्ही करोनात किट शिवले होते ना, त्यामुळे त्यांच्या बोलण्याला वजन होतं. मास्तरांनी तर सुधारणाही करून ठेवली होती. टोपी उभी राहीना म्हणून आत कडक बकरम घातलं होतं, आणि जीव गुदमरू नये म्हणून नाकापाशी जाळी.

"भाभी, चित्रात जाळी नव्हती," मास्तर अभिमानानं म्हणाले. "मी आपल्या मनानं टाकली. शेवटी माणूसच हाय की आत."

मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला अमेरिकेचा इतिहास शिकवते. हा झगा माझ्या परीक्षेत दर दोन वर्षांनी येतो. मी ह्यांना खाली उतरवलं आणि सगळ्यांचा तिथंच तास घेतला. सांगितलं की तिकडं काळ्या माणसांना गुलाम म्हणून राबवायचे. त्यावरून यादवी झाली, गुलामी गेली, काळ्या माणसाला मत मिळालं. ते काही गोऱ्यांना सोसेना. मग त्यांच्यातल्या काहींनी गुपचूप संघटना काढली, आणि असले झगे घालून, घोड्यांवर बसून ते काळ्यांच्या घरांवर जायचे. घरं जाळायची, माणसं झाडाला टांगायची, कुणी मत द्यायला बाहेर पडू नये म्हणून. सरकारनं ती संघटना मोडून काढली, तर पुढच्या शतकात दुप्पट जोमानं परत आली. वर्गणी, जत्रा, मिरवणुका, सगळं उघड उघड. दुकानदार, दातांचे डॉक्टर, न्यायाधीश, फौजदार सगळे सभासद. त्यांच्या मतांवर राज्यांचे प्रमुख निवडून यायचे, बाहेरच्यांना देशात घेऊ नका म्हणून कायदे व्हायचे.

"आणि आता?" मास्तरांनी विचारलं.

"आता बहुतेकांनी झगे टाकले. इस्त्रीचे शर्ट घालतात, मोबाईलवर बसून तेच बोलतात. आणि पुढारी त्यांना वाईटही म्हणत नाहीत, चांगलंही म्हणत नाहीत. मतं लागतात ना!"

त्यावर तेलुगू बाईंनी शंका काढली, "पन बाई, तोंड झाकल्यावर मत कुनाला द्यायचं ते कळायचं कसं?"

"तेच की!" हे एकदम जोरात आले. "आपल्याकडं बघा, वॉर्डातला पुढारी वाढदिवसाला चौकात दोन मजली फोटो लावतो. आणि ह्या लोकांनी तोंडच झाकायचं? असला कसला पुढारी!"

मी कपाळावर हात मारला. माणसं टांगली म्हणून सांगतेय, आणि ह्यांना चिंता फ्लेक्सची.

पण ऑर्डर सोडायचा विषय काढला आणि गंमत संपली. एजंट फोनवर म्हणाला की नाटकाबिटकाचे कपडे असतील, आणि नसले तरी कोण घालतो त्याच्याशी आपल्याला काय देणंघेणं? ह्यांना ते लगेच पटलं. पटायचंच! समोर बायका बसलेल्या. ऑर्डर झाली तर हंगामाआधीच्या सगळ्या कोरड्या महिन्यांचं काम त्यांना मिळणार होतं. ऐकताना त्या माझ्याकडं बघतच नव्हत्या, ह्यांच्याकडं बघत होत्या.

घरी आल्यावर आमचं जुंपलं. मी म्हटलं, "तुमच्याच रंगाच्या माणसांना जाळणाऱ्यांचे कपडे शिवताना लाज नाही वाटणार?" हे शांतपणे भाकरी कुस्करत म्हणाले, "तू इतकी वर्षं तीच माणसं वर्गात शिकवून पगार घेतीस. मी त्यांचं शिवून पैसे घेतले तर लगेच पाप?"

मी सरळ अबोला धरला. माझा अबोला म्हणजे भांड्यांचा आवाज. दोन दिवस हे पातेल्यांची आदळआपट मोजत जेवले आणि मी ठरवलं की झगे अमेरिकेला निघाले की मी माहेरी निघणार. माहेरी आता भाऊ-भावजय आहेत आणि भावजयीशी माझं पटत नाही, पण रागात एवढं कोण बघतं!

तिसऱ्या दिवशी कारखान्यातून फोन आला. हे नव्हते, मास्तर होते. "भाभी, मालक जरा गप गप बसलेत. येता का?"

मला वाटलं, बीपी वाढलं. रिक्षा करून गेले. हे टेबलापाशी बसले होते आणि समोर तसाच एक झगा, पण जेमतेम अडीच वीत लांबीचा. शेजारी तसलीच टोकदार टोपी, माझ्या दोन मुठींवर बसेल एवढी. एजंटनं कळवलं होतं की लहान मुलांचेही हवेत, चालायला लागलेल्या पोरापासून पुढचे सगळे.

"सुंदर झालंय, बघा," मास्तर म्हणाले, पण आवाज नेहमीचा नव्हता. "मालक सकाळपासनं तेच घेऊन बसलेत."

ह्यांनी झग्याची खालची कड उलटी केली आणि मला दाखवली. आत चांगली चार बोटं दुमड घेतलेली, लांब टाक्यांनी हलकी घातलेली, सहज उसवता येईल अशी.

"मास्तर, हे वाढतं कशाला ठेवलं?" ह्यांनी विचारलं.

"सवय की मालक." मास्तर गोंधळले. "लहान साइज आपन वाढत्या अंगाचाच शिवतो. लेकरू वाढलं की आईनं दुमड सोडायची. अजून दोन-तीन वर्षं निघतात."

हे त्या दुमडीवरून अंगठा फिरवत राहिले. आमच्या कारखान्यातून बाहेर पडलेल्या प्रत्येक लहान गणवेशाला ही दुमड असते. पोराला घेऊन आलेली प्रत्येक आई एवढंच सांगते, वाढत्या अंगाचं शिवा. मी पोथ्या वाचल्या, पेपर काढले, पोरांना मार्क दिले, पण कुणीतरी आपल्या लेकराला उभं करून, हात वर कर राजा म्हणत, ह्या झग्याचं माप घेतलं असेल हे माझ्या मनात कधी आलं नव्हतं. अबोला विसरून मी ह्यांच्या शेजारी बसले.

ह्यांनी एजंटला फोन लावला. "न्हाय जमणार," म्हणाले. एजंट बोलत राहिला, बहुतेक भाव वाढवत राहिला. "अहो, मोठ्यांचं मी शिवलं बी असतं," हे म्हणाले, "ते तर वाया गेलेलेच हायत. पन ही पोरं वाढणार हो त्याच्यात. न्हाय जमणार." आणि फोन ठेवला. मास्तरांनी दोन्ही सँपलं उचलली आणि कात्रीखाली घेतली. नेहमी वीतभर चिंधीसाठी ओरडणारे हे, त्या दिवशी कापड ताणून धरायला उभे राहिले.

गल्लीत अर्थात कुणाचा विश्वास बसला नाही. अमेरिकेला आपण नकार दिला असं हे सांगायचे आणि लोक मायेनं ह्यांच्या पाठीवर हात ठेवून म्हणायचे, "असू दे, सँपल नापास व्हतंच एखाद्या वेळी." पेढे खाल्लेल्या एकानं तर शिलाईचे टाके बारीक ठेवा म्हणून सल्ला दिला. ह्यांनी तोही ऐकून घेतला.

बायकांना मात्र मी स्वतः जाऊन सांगितलं की हंगामापर्यंत आता काम नाही. कुणी भांडलं नाही. एकेक जण डबा घेऊन निघाली. तेलुगू बाई तेवढ्या मागं राहिल्या.

"बाई," त्यांनी हळूच विचारलं, "तिकडच्या आयांना कळत नसंल न्हाई, पोराला काय घालतोय ते?"

नाही म्हणावंसं फार वाटलं. पण मी हेच शिकवते.

"कळतं," मी म्हटलं. "कळतं म्हणूनच घालतात."

मशीनवरचा दोरा काढून त्यांनी गुंडाळला, मशीनवर कापड झाकलं आणि पिशवी घेऊन घरी गेल्या.