आफतावमावशीचं पडद्यावरचं रडणं

सिनेमात म्हातारी रडायला हवी असली की सिनेमावाल्यांची गाडी हलब्जा शहराजवळच्या आमच्या वस्तीत, थेट आफतावमावशीच्या दारात थांबते. मावशी आणि मी हानेसूरच्या. ते गाव सैन्यानं जाळलं, माणसं उचलून नेली, ती परत आली नाहीत. तेव्हापासून मावशी प्रत्येक सिनेमात कुणाच्या तरी खोट्या थडग्यावर ऊर बडवते.

यंदा मात्र तिचं डोकं फिरलं. दिग्दर्शक हेमनला म्हणाली, "आमचं गाव काय नुसतं मरायलाच जन्मलं होतं? लग्नात आम्ही घराघराला चिडवत गायचो. ते घे की. ते पुरं येणारी आता मी एकटी. ह्या पेरीचा आवाज तर बकरीचा."

पेरी म्हणजे मी.

"लोकांना लग्न नकोय, मावशी. तुम्ही रडा. बोला काहीही, पडद्यावर खाली अर्थाच्या ओळी येतात, तिथे आम्ही दुःखाचं लिहू." हेमन सुलेमानिया शहरातला पोरगा, आमची हवरामी बोली त्याला ओ की ठो कळत नाही.

"काहीही?" मावशीचा चेहरा इतका गरीब झाला की मला तिथेच शंका आली.

कॅमेरा सुरू होताच तिनं मर्तिकाच्या सुरात लग्नाचं गाणं लावलं. मुल्लाचं पागोटं मोठं, अक्कल अक्रोडाएवढी. फाइककडे पाहुणा आला की चहा पातळ. असं घर घेत घेत सगळं गाव. मागे रडायला बसवलेल्या आम्ही बायका ओढणीत तोंड खुपसून होतो. हेमन डोळे पुसत म्हणाला, "खांदे असेच हलू द्या."

सिनेमा लागला तेव्हा आम्हा उरल्यासुरल्या गावकऱ्यांना सुलेमानियाला नेलं. सगळं थिएटर मुसमुसत होतं आणि आमची रांग पोट धरून हसत होती. "लाज वाटत नाही?" कुणीतरी खेकसलं. तेवढ्यात शेजारचा म्हातारा इनायत मला म्हणाला, "थांब, आता आमचं घर."

"खोरशीदची रोटी करपते, आळ मांजरावर येतो," मावशी पडद्यावर हंबरडा फोडत होती. खोरशीद त्याची आई. तिला सैन्यानं नेलं तेव्हापासून तिचं नाव घेऊन कुणी हसलंच नव्हतं. इनायत मोठ्यानं हसला आणि हसता हसता रडायला लागला. मलाही आवरेना.

बाहेर हेमननं मावशीला गाठलं. "मावशी, फसवलंत मला. आता खाली काय लिहू?"

मावशी काही बोलायच्या आत इनायत पुढे झाला. "माझी आई रोट्या करपवायची," तो म्हणाला. "तेच लिही."