अडीच वितीचं दप्तर

वीत म्हणजे किती, हे मी गेली अकरा वर्षं सोलापुरातल्या एका शाळेत तिसरीच्या मुलांना शिकवतो आणि त्याचा पगार घेतो.

धडा सोपा आहे. वर्गातली सगळ्यात उंच मुलगी आणि सगळ्यात बुटका मुलगा पुढे बोलवायचे आणि दोघांना एकच टेबल वितीनं मोजायला लावायचं. तिच्या सहा विती भरतात, त्याच्या आठ. दोघांत भांडण लागतं. भांडण पुरेसं रंगलं की मी विचारतो, ‘‘वीत कोणाची?’’ आणि अख्खा वर्ग ओरडतो, ‘‘ज्याची त्याची!’’ म्हणून जगात सेंटिमीटर आला, असं सांगून मी खडू खाली ठेवतो. हा धडा इतक्या मोठ्यानं होतो, की भिंतीपलीकडची दुसरीची मुलंही ‘ज्याची त्याची’ ओरडतात. त्यांना अजून तो धडा नाही.

माझा दुसरा विषय दप्तर. तो अभ्यासक्रमात नाही, पण मार्चमधल्या पालकसभेत मी त्यावर पाऊण तास बोललो. (पंखे बंद होते. कोणी उठलं नाही, कारण मी दारात उभा होतो.) दप्तर इयत्तेवरून घेऊ नका, पाठीवरून घ्या. वरची कड खांद्याच्या वर नको, खालची कमरेखाली चार बोटांपेक्षा जास्त नको. आणि मुख्य म्हणजे मुलाला दुकानात न्या, त्याच्या पाठीला लावून बघा, मगच घ्या. माझ्या वर्गातल्या श्रीनिवासची आई पुढच्याच रांगेत बसून हे वहीत उतरवून घेत होती. त्या वहीनं पुढे मला फार छळलं.

आता आमची कस्तुरी. ती यंदा पहिलीत जाणार होती, माझ्याच शाळेत. बालवाडीची दोन वर्षं तिचं दप्तर मीच खांद्याला अडकवून न्यायचो आणि वर्गाच्या दाराशी तिच्या पाठीवर चढवायचो. एक दिवस तिची मैत्रीण म्हणाली, ‘‘तुझं दप्तर तुझं नाहीच, तुझ्या बाबांचंय.’’ कस्तुरी घरी येऊन रडली नाही, पण जेवलीही नाही. सुट्टी लागल्यावर तिनं माझ्याकडून वचन घेतलं. रंग कुठलाही चालेल, चित्र नसलं तरी चालेल, पण असं दप्तर पाहिजे, की ते तिचं ती पाठीवर घेईल, तिचं ती वर्गात नेईल आणि मी त्याला हात लावायचा नाही. मी छातीवर हात ठेवून हो म्हणालो.

मग ती मंद्रूपला गेली, आजोळी. शेवटचे आठ दिवस वैशालीही, म्हणजे आमच्या सौभाग्यवतीही, तिकडं गेली. दोघी येणार शाळा उघडायच्या आदल्या दिवशी संध्याकाळी. मी ठरवलं, लेक घरात पाऊल टाकेल तेव्हा दप्तर तयार पाहिजे. फक्त पाठीचं माप हवं होतं. मी सासऱ्यांना फोन लावला आणि म्हटलं, मामा, जरा टेपनं कस्तूची पाठ मोजा, खांद्यापासून कमरेपर्यंत.

‘‘टेप व्हता की,’’ सासरे म्हणाले. ‘‘शेळीनं खाल्ला.’’

मी पेन खाली ठेवलं. तेच पुढे म्हणाले, ‘‘ईतीनं सांगतो की मास्तर, त्यात काय. थांबा.’’ फोनवर बराच वेळ कुजबुज आणि खिदळणं ऐकू आलं. शेवटी मामांचा आवाज आला, ‘‘अडीच ईत भरली बगा. पोर लई वाढलीया, तुमी वळखायचं न्हाई.’’

आता वीत कोणाची, हा प्रश्न मला पडला नाही असं कुणी समजू नये. मी त्या विषयातला माणूस आहे. पण लग्नात सासऱ्यांनी माझा हात हातात घेतला होता, तेव्हाच माझ्या लक्षात आलं होतं की आमचे पंजे अगदी सारखे आहेत. माझी वीत बावीस सेंटिमीटर. (मोजलेली आहे.) अडीच वीत म्हणजे पंचावन्न. सहा वर्षांच्या मुलीची पाठ पंचावन्न सेंटिमीटर असते का, असं एकदा मनात आलं. पण दूध-तूप घरचं, आजी लाडाची, शिवाय आकडा हा आकडा असतो. मी पंचावन्न लिहून खाली दोन रेघा मारल्या.

नवी पेठेतल्या दुकानदारानं आधी गुलाबी, मग जांभळं, मग कानवाला ससा असलेलं दप्तर काढलं. मी हात वर करून त्याला थांबवलं आणि म्हटलं, मला इयत्ता सांगू नका, पाठ दाखवा. तो थोडा घाबरला. मग मी वितीनं एकेक दप्तर मोजत सुटलो. एक वीत, दीड वीत, पावणेदोन. शेवटी वरच्या फळीवर, प्लास्टिकच्या पिशवीत, अडीच वीत भरणारं एक सापडलं. राखाडी, पाठीला जाड गादी, छातीला पट्टा, कमरेला पट्टा, बारा कप्पे.

‘‘नक्को सर,’’ दुकानदार म्हणाला. ‘‘ये हॉस्टेलवाले लेते. बच्ची कू लेके आना था ना.’’

मी त्याला समजावलं की हे मापाचं शास्त्र आहे. आणि पट्टे नीट बसतात का हे बघायला मुलगी नव्हती, म्हणून दप्तर मीच पाठीला लावलं. पण माझी उंची तिच्यापेक्षा जास्त असल्यामुळे (हेही शास्त्रच) मी गुडघ्यांवर बसलो. छातीचा पट्टा लावला, कमरेचा लावला, आणि चालताना दप्तर हलतं का ते पाहायला काउंटरसमोर गुडघ्यांवर चार पावलं चाललो. पाचव्या पावलाला समोर एक चप्पल आली. मान वर केली तर श्रीनिवासची आई. सोबत श्रीनिवास.

‘‘सर, लेकराला घेऊन जा म्हणून तुम्हीच सांगितलं होतं की,’’ ती म्हणाली. तिनं पिशवीतून वहीसुद्धा काढली.

मी सन्मानानं उठायचं ठरवलं. पण कमरेच्या पट्ट्याचं क्लिप अडकून बसलं होतं आणि काही केल्या सुटेना. दुकानदारानं ओढलं, श्रीनिवासनं ओढलं, बाहेरचा एक लिंबू सरबतवाला विनाकारण आत आला, त्यानंही ओढून पाहिलं. शेवटी दुकानदार थकून म्हणाला, असंच जा सर, घरी गेल्यावर निघेल. म्हणून मी भर दुपारी, जूनच्या उन्हात, पाठीवर पंचावन्न सेंटिमीटर दप्तर आणि त्यावर लोंबणारी किमतीची चिठ्ठी घेऊन स्कूटरवरून घरी आलो. सिग्नलला एका गृहस्थानं विचारलं, ट्रेकिंगला कुठं निघालात? क्लिप रात्री जेवायच्या आधी पोट आत घेतल्यावर आपोआप सुटलं. जेवल्यानंतर प्रयत्न केला असता तर आजही ते अंगावरच असतं.

रविवारी संध्याकाळी दोघी आल्या. कस्तुरी दारात उभी राहिली आणि मला एकदम काहीतरी चुकल्यासारखं वाटलं. ती वाढलेली नव्हती. गेली तेवढीच परत आली होती, फक्त काळी होऊन. ती दप्तराभोवती एक प्रदक्षिणा घालून आली. मग तिनं हात पट्ट्यांत घातले, भिंतीला धरून उभी राहिली आणि चालून दाखवलं. मागून बघितलं तर दप्तराला दोन पावलं फुटली होती. बाकी मुलगी दिसतच नव्हती.

‘‘दप्तर पोरीला आणलंय, की पोर दप्तरात घालून न्यायचीय?’’ वैशालीनं विचारलं.

मी पुटपुटलो की वाढत्या अंगाचं आहे. मग तिच्या पाठीवर स्वतःची वीत ठेवून पाहिली. दीड वीत. पुन्हा ठेवली. दीडच. तेव्हा मी या संसारातलं सगळ्यात धाडसी वाक्य बोललो. म्हणालो, तुझ्या वडलांना मोजता येत नाही. दीडशे मेंढरं अंधारात नुसत्या आवाजावर मोजणारा माणूस तो! रात्रीची भाकरी मी स्वतः वाढून घेतली.

दुकान रविवारी बंद, शाळा सोमवारी सकाळी सातला. दुसरं दप्तर आणायला वेळ नव्हता. मी दबकत म्हटलं, कस्तू, उद्याच्या दिवस मी नेतो. तिनं माझ्याकडं असं पाहिलं की मला छातीवर ठेवलेला हात आठवला. वचन म्हणजे वचन. शिवाय एवढी जागा आहेच म्हणून वैशालीनं डबा, पाण्याची बाटली आणि आजीनं वर्गबाईंसाठी धाडलेल्या दोन किलो शेंगा त्यात भरल्या. त्या सगळ्या तळाच्या कप्प्यात गेल्या.

सोमवारी कस्तुरी फाटकापासून व्हरांड्यापर्यंत एकटी चालली. मी दोन पावलं मागून, हात पाठीमागं बांधून. दहा पावलं झाली, वीस झाली, मला खरंच भरून आलं. पोर घामाघूम झाली होती, पण थांबत नव्हती. व्हरांड्याच्या पायऱ्या तीन. पहिली चढली, दुसरी चढली, आणि तिसरीवर पाय ठेवताना शेंगांनी आपला निर्णय घेतला. ती मागच्या मागं गेली. मी धावलो, पण माझ्या हातात यायच्या आधी ती दप्तरावर अलगद उताणी पडली. जाड गादीमुळं काही लागलं नाही. पाय मात्र वर होते.

मी उचलायला वाकलो तर खालून आवाज आला, ‘‘बाबा, हात लावायचा न्हाई.’’

दीड महिन्यात मुलीची भाषा मंद्रूपची झाली होती आणि निश्चय आधीपासूनच तिकडचा होता. ती डावीकडं हलून बघत होती, उजवीकडं हलून बघत होती. भोवती मुलं जमली. माझा जुना तिसरीचा वर्ग जमला. श्रीनिवास जमला, त्याची आई जमली. मुख्याध्यापिकाबाई आल्या आणि त्यांनी विचारलं, सर, हे काय? आणि मी, वैशाली तिथं नाही हे आधी बघून घेऊन, सगळं खापर सासऱ्यांवर फोडलं. मोठ्यानं म्हणालो, ‘‘काय करणार मॅडम, हिच्या आजोबांनी माप चुकीचं दिलं. अडीच वीत म्हणाले.’’

दप्तरावरून उत्तर आलं, ‘‘आजोबांनी न्हाई मोजली. ते शेळी धरत हुते. भिंतीला पाठ लावून कोळशानं खुणा केल्या आन मीच मोजली की, माझ्या ईतीनं. अडीचच भरली.’’

मग मागच्या बाजूनं श्रीनिवासचा बारीक आवाज आला, ‘‘वीत कोणाची?’’

आणि माझ्या अकरा वर्षांच्या मेहनतीचं चीज झालं. चौथी ओरडली, आणि ज्यांनी तो धडा अजून नुसता भिंतीपलीकडून ऐकलाय ती नवी तिसरीसुद्धा ओरडली. मुख्याध्यापिकाबाईंनी पदर तोंडाला लावला. श्रीनिवासच्या आईनं वही काढली.

त्या गोंधळात कस्तुरीनं पट्ट्यांतून एक हात सोडवला, मग दुसरा, आणि उठून उभी राहिली. चेन उघडून डबा, पाटी आणि कंपास काढली, छातीशी धरली आणि तिसरी पायरी चढून वर्गात गेली. आपली आपण. शेंगांचं ओझं तिनं माझ्याकडं सोपवलं. मी ते दप्तर उचललं आणि सवयीनं पाठीला लावलं.

त्याच संध्याकाळी तिला घेऊन पुन्हा दुकानात गेलो. तिनं सशाचं दप्तर स्वतः चढवलं, स्वतः काढलं, आणि मला पैसे देण्यापुरतं बोलावलं. राखाडी दप्तर दुकानदारानं परत घेतलं नाही. त्यात शेंगांची टरफलं निघाली. सासऱ्यांची मी फोनवर माफी मागितली. ते म्हणाले, नवा टेप आणलाय मास्तर, शेळीच्या हाती लागू देत न्हाई.

तेव्हापासून ते दप्तर मी वापरतो. वह्या, डबा, छत्री सगळं मावतं आणि पाठीला इतकं चपखल बसतं, की काही विचारू नका. यंदा वितीचा धडा आला तेव्हा मी टेबल मोजायला लावलंच नाही. वर्गात शिरून दप्तर खुंटीला अडकवलं, वळून नेहमीचा प्रश्न विचारला, ‘‘वीत कोणाची?’’

‘‘कस्तुरीची!’’ वर्ग ओरडला.

मी खडू शोधायला लागलो. तेवढ्यात भिंतीपलीकडून, दुसरीच्या वर्गातून कुणीतरी विचारलं, ‘‘आणि दप्तर कोणाचं?’’

दोन्ही वर्ग एका सुरात म्हणाले, ‘‘सरांचं!’’